नाना शंकरशेट : पेढीवरून कौन्सिलात

नानांचं घराणं मूळ आमच्याकडचं, असं जुनी मंडळी सांगतात. खरं आहे का? – एक वाचक, घोडबंदर

हो. नानांचे पूर्वज गणबाशेट अठराव्या शतकाच्या मध्याला तुमच्याकडूनच मुंबईत आले आणि व्यापारात त्यांनी जम बसवला. फोर्टातली ‘गनबो स्ट्रीट’ ती त्यांच्याच नावाची. नानांचा, म्हणजे जगन्नाथ शंकरशेटांचा, जन्म मात्र मुरबाडचा, १० फेब्रुवारी १८०३ चा. १८२२ मध्ये वडील गेले आणि विशीच्या आतच पेढीचा सगळा भार त्यांच्यावर आला. परदेशी व्यापारीसुद्धा बँक सोडून त्यांच्याकडे ठेवी ठेवत. पुढे सार्वजनिक जीवनात त्यांच्या शब्दाला जे वजन आलं, ते या विश्वासातून.

त्यांनी कोणत्या मतदारसंघातून निवडणूक लढवली? – रत्नागिरी

कोणत्याच नाही. तेव्हा निवडणूकच नव्हती. १८६१ च्या कायद्याने मुंबई इलाख्याला कायदेमंडळ, म्हणजेच कौन्सिल, मिळालं आणि १८६२ मध्ये नानांची त्यावर नेमणूक झाली. सभासदांनी समोर आलेल्या विधेयकांपुरतंच बोलायचं. सरकारला प्रश्न विचारायची आणि अंदाजपत्रकावर चर्चा करायची मुभा पुढे १८९२ च्या कायद्याने आली. तरी ही नेमणूक म्हणजे निव्वळ सरकारी मेहेरबानी होती, असं मी मानत नाही. १८५२ मध्ये ‘बॉम्बे असोसिएशन’ उभी करण्यात नाना पुढे होते, आणि कायदे करताना इथल्या लोकांना जागा द्या, असा अर्ज याच संस्थेने थेट विलायतेच्या पार्लमेंटकडे धाडला होता. मध्यंतरी १८५७ च्या उठावात त्यांच्यावरही संशय घेतला गेला, चौकशी झाली, हाती काही लागलं नाही. पाचच वर्षांनी त्याच सरकारने त्यांना कौन्सिलात बसवलं.

नाना सनातनी होते की सुधारक? आमच्या घरात यावरून वाद आहे. – देवगड

सनातनी म्हणणाऱ्यांकडे पुरावा आहे. देवधर्म, संस्कृत विद्या, जुनी वहिवाट यांना धक्का लागू द्यायचा नाही, हा त्यांचा बाणा होता. सोनापूरचं स्मशान हलवायचं सरकारने मनावर घेतलं, तेव्हा नाना आडवे उभे राहिले. पण याच माणसाने १८४९ च्या सुमारास मुलींच्या शाळेसाठी गिरगावच्या आपल्या वाड्यात जागा दिली. त्या काळी हे किती धाडसाचं होतं, ते तुमच्या घरातल्या थोरल्यांना विचारून पाहा.

माझ्या मते त्यांची खरी ओळख १८४७ च्या वादात पटते. शिक्षण मंडळाचे अध्यक्ष सर अर्स्किन पेरी यांचा आग्रह इंग्रजी माध्यमाचा. मूठभर लोक इंग्रजीत तयार करावेत, त्यांच्याकडून विद्या खाली झिरपेल, हा त्यांचा हिशेब. मंडळात बसून नानांनी त्याला लेखी विरोध केला. जर्विस नावाचा इंग्रज अधिकारीही त्यांच्याच बाजूचा होता. नानांचं म्हणणं असं, की सर्वसामान्य रयतेपर्यंत ज्ञान पोचवायचं तर ते तिच्याच भाषेत पोचवावं लागेल. इंग्रजी शिक्षणासाठी स्वतः झटलेला माणूस हे सांगत होता, म्हणून त्याची किंमत अधिक. १८५४ च्या वूडच्या खलित्यात, म्हणजे विलायतेहून आलेल्या शिक्षणविषयक धोरणात, खालच्या इयत्तांना देशी भाषेचंच माध्यम आलं. जुनं राखायचं ते लोकांच्या उपयोगी पडावं म्हणून, हे त्यांना पक्कं कळलं होतं, आणि म्हणून मला ते आजही फार मोठे वाटतात.

पहिल्या आगगाडीशी त्यांचा संबंध काय? – पनवेल

थेट संबंध. १८४५ पासून रेल्वेसाठी खटपट करणाऱ्यांत ते होते आणि पुढे ‘ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे’चे संचालक झाले, सोबत जमशेटजी जीजीभाई. १६ एप्रिल १८५३ रोजी दुपारी बोरीबंदरहून १४ डबे आणि सुमारे ४०० पाहुणे घेऊन गाडी ठाण्याकडे निघाली, तेव्हा नाना गाडीत होते.

संस्कृतची शंकरशेट शिष्यवृत्ती त्यांनीच सुरू केली का? आणि कोकणातून पुढे कौन्सिलात कोण गेलं? – दापोली

शिष्यवृत्ती त्यांच्या पश्चात, त्यांच्या नावाने सुरू झाली. मॅट्रिकला संस्कृतात पहिला येणाऱ्यासाठी ती होती आणि कोकणातल्या घराघरांत ती मिळवण्याची ईर्षा असे. नाना ३१ जुलै १८६५ ला गेले. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर तुमच्या शेजारीच आहे : मुरुडचे रावसाहेब विश्वनाथ नारायण मंडलिक. ते व्यापारी नव्हते, वकील होते. १८७४ मध्ये ते मुंबईच्या कायदेमंडळावर गेले, आणि तेही जुन्याला धरून चालणारेच.