गोल्डन ग्लोब रेसमध्ये जीपीएस का चालत नाही? मुंबईच्या ‘सुहैली’चा त्याच्याशी काय संबंध?

तुम्ही विचारलंय की 2022 मध्ये निघालेल्या ज्या गोल्डन ग्लोब शर्यतीत, म्हणजे एकट्याने कुठेही न थांबता करायच्या पृथ्वीप्रदक्षिणेत, भारताचे अभिलाष टॉमी दुसरे आले, तिथे सगळं जुनंच का वापरायला लावतात आणि मुंबईत बांधलेल्या एका बोटीचं नाव सारखं का येतं. माझ्या मते दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकच आहे. आजच्या नियमांतले निम्मे त्या बोटीला समोर ठेवून केलेत, बाकीचे 1968 ला जे जे बिघडलं त्यातून आलेत.

आधी बोट. रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन ब्रिटिश इंडिया कंपनीच्या जहाजांवर अधिकारी होते. त्यांनी 1960 च्या दशकात मुंबईत सागवानी ‘सुहैली’ बांधून घेतली. लांबी जेमतेम 32 फूट, दोन डोलकाठ्या, वजनाला भरभक्कम आणि वेगाला मंद. ‘संडे टाइम्स’ने 1968 मध्ये एकट्याने, कुठेही न थांबता पृथ्वीप्रदक्षिणा करायची शर्यत जाहीर केली, तेव्हा ते हीच बोट घेऊन 14 जूनला इंग्लंडमधल्या फालमथहून निघाले. 312 दिवसांनी, 22 एप्रिल 1969 ला तिथेच परतले. निघालेल्या नऊ जणांपैकी शर्यत पूर्ण करणारे ते एकटेच. वाटेत बुडाजवळच्या फळ्यांचे सांधे गळू लागले, तेव्हा पाण्यात बुड्या मारून त्यांनी सांध्यात कापूस ठासला, वर कॅनव्हासची पट्टी आणि तांब्याचा पत्रा ठोकला. विंडव्हेन, म्हणजे वाऱ्याच्या दिशेवर सुकाणू धरणारं यंत्र, मोडलं. पुढचा प्रवास शिडांचा तोल साधून आणि सुकाणूचा दांडा बांधून झाला.

2018 मध्ये शर्यत पुन्हा सुरू करताना आयोजक डॉन मॅकिन्टायर यांनी हाच मापदंड धरला: बोट 32 ते 36 फूट, डिझाइन 1988 च्या आधीचं, कील, म्हणजे बुडाखालचा उभा कणा, बुडाच्या लांबीभर आणि सुकाणू कीलच्या मागच्या कडेलाच जोडलेलं. अशी बोट नाकासमोर चालते, त्यामुळे साधी विंडव्हेनसुद्धा तिला महिनोन् महिने सांभाळू शकते. इलेक्ट्रॉनिक ऑटोपायलट आणि कार्बन फायबर बंद. हे निव्वळ जुन्याचं वेड नाही. खर्च आवाक्यात राहतो आणि कस खलाशाचा लागतो.

जीपीएस नाही म्हणजे सेक्स्टंट, हे कोन मोजायचं उपकरण, आणि कागदी नकाशे. दुपारी सूर्य सर्वांत वर असताना त्याची क्षितिजापासूनची उंची मोजायची, 90 अंशांतून वजा करायची आणि नाविक पंचांगातली सूर्याची क्रांती, म्हणजे विषुववृत्तापासूनचं त्याचं कोनीय अंतर, हिशेबात घ्यायची, की अक्षांश मिळतो. उदाहरणार्थ, 21-22 डिसेंबरच्या सुमारास दक्षिण गोलार्धात, सूर्य उत्तरेला असताना, सगळ्या दुरुस्त्या करून उंची 73°26′ आली तर उरतात 16°34′. त्यात क्रांती 23°26′ मिळवली की 40° दक्षिण. रेखांशाला अचूक घड्याळ लागतं. चार सेकंदांची चूक म्हणजे विषुववृत्तावर एक सागरी मैल चुकलात. म्हणून रेडिओवरच्या वेळसंकेताशी घड्याळ रोज ताडून पाहतात. खरी चूक मात्र बहुधा लाटांमुळे होते: पुढची लाटच क्षितिज समजून बसलात की आकडा वाया. लाटेच्या माथ्यावर असतानाच वाचन घ्यायचं, तेही तीन-चारदा. ढगाळ आठवड्यात वेग आणि दिशा यांवरून अंदाज बांधणं एवढंच हातात उरतं.

आता 1968 चे धडे. स्पर्धक डोनाल्ड क्रोहर्स्ट अटलांटिकमध्येच फिरत राहिला आणि रेडिओवरून खोट्या जागा कळवत राहिला. तो मागून वेगाने येतोय असं समजून दुसरा स्पर्धक नायजेल टेटली याने आपली ट्रायमरान, म्हणजे तीन सांगाड्यांची बोट, ताणली आणि ती अझोर्स बेटांजवळ बुडाली. क्रोहर्स्टची रिकामी बोट जुलैमध्ये सापडली. म्हणून आज प्रत्येक बोटीवर ट्रॅकर असतो. जागा आयोजकांना दिसते, खलाशाला नाही. आणीबाणीसाठी जीपीएस सीलबंद पेटीत असतो. सील तोडलं किंवा एकदा कुठे थांबलात, की रवानगी चिचेस्टर वर्गात, म्हणजे एकदा थांबलेल्यांच्या वेगळ्या गटात. सॅटेलाइट फोनही फक्त आयोजकांसाठी. 2018 चे विजेते ज्याँ-लुक व्हॅन डेन हीड यांनी डोलकाठीला इजा झाल्यावर बायकोला फोन केला आणि 18 तासांचा दंड भरला. नियम कठोर वाटेल, पण मला तो पटतो. एकाला सूट दिली की ‘एकट्याने’ या अटीला अर्थ राहत नाही.

टॉमींची 2018 मधली ‘तुरीया’ ही सुहैलीचीच प्रतिकृती होती, गोव्यात बांधलेली. सप्टेंबरमध्ये दक्षिण हिंदी महासागरातल्या वादळात तिच्या डोलकाठ्या गेल्या, टॉमींच्या मणक्याला मार बसला, आणि तीन दिवसांनी ‘ओसिरिस’ या फ्रेंच जहाजाने त्यांना उचललं. 2022 ला ते 36 फुटी ‘बायानात’ घेऊन उतरले. तेव्हा कर्स्टन नॉयशेफर पहिली आली; अशी पृथ्वीप्रदक्षिणेची शर्यत जिंकणारी ती पहिली स्त्री.

वादळांची चर्चा होते, पण बार्नॅकल, म्हणजे बुडाला चिकटणारे कवचाचे जीव, तितकेच नडतात. थांबायला बंदी असल्याने बोट वर ओढून खरवडता येत नाही. वारा पडेल तेव्हा स्वतः पाण्यात उतरायचं. 2018 च्या शर्यतीत विजेत्याला 212 दिवस लागले. बार्नॅकलनी जखडलेल्या बोटीतून शेवटी पोहोचलेल्या टापिओ लेहतिनेनना 322, म्हणजे सुहैलीपेक्षाही जास्त.