जुन्या टेपमधल्या दृश्यांवर रेघा का येतात?

प्रश्न : माहितीपटासाठी जुन्या पाल (PAL, भारतातही वापरली गेलेली जुनी टीव्ही-व्हिडिओ पद्धत) टेपवरचं चित्रण घेतलं आहे. संकलनाच्या सॉफ्टवेअरमधल्या १९२०×१०८० पिक्सेलच्या टाइमलाइनवर ते मोठं केलं, की हलणाऱ्या माणसांच्या कडांना कंगव्याच्या दातांसारख्या रेघा दिसतात. काय करावं?

उत्तर : आधी मोठं करणं थांबवा! पाल व्हिडिओत सेकंदाला २५ फ्रेम असतात, पण प्रत्येक फ्रेम दोन फील्डची, म्हणजे एकाआड एक ओळींच्या दोन अर्ध्या चित्रांची बनते. सम ओळी एका क्षणाच्या, विषम ओळी १/५० सेकंद आधीच्या किंवा नंतरच्या. डीइंटरलेस न करता (म्हणजे दोन्ही फील्ड सुटी करून प्रत्येकाचं पूर्ण चित्र न बनवता) चित्र ताणलं तर या ओळी एकमेकींत मिसळतात आणि मग त्या सुट्या करता येत नाहीत. म्हणून मूळ ७२०×५७६ फाइल घ्या, डीइंटरलेस करून सेकंदाला ५० फ्रेमची करा, मगच आकार वाढवा. टाइमलाइन २५ची असेल तर शेवटी एक सोडून एक फ्रेम ठेवा.

फील्डचा क्रम तपासायला विसरू नका. डीव्ही (DV, डिजिटल व्हिडिओ) टेपवर खालचं फील्ड (दुसऱ्या ओळीपासून सुरू होणारं) आधी येतं, इतर बहुतेक पाल फाइलींत वरचं (पहिल्या ओळीपासूनचं). क्रम चुकला की चालणारा माणूस पुढे-मागे थरथरताना दिसतो.

चित्रण मुळात फिल्मवरचं असेल, तर मात्र दोन्ही फील्ड बहुधा एकाच क्षणाची असतात. तिथे डीइंटरलेस केलंत तर उभ्या दिशेतला बारीक तपशील उगाच जातो.

जुन्या टेपवरचं ४:३ (रुंदी:उंची) प्रमाणाचं चित्र १४४०×१०८० ठेवा. दोन्ही बाजूंना २४० पिक्सेलच्या काळ्या पट्ट्या राहू द्या. १६:९ करण्यासाठी कापलंत तर पाव उंची जाते, आणि बहुतेक वेळा आधी डोकीच कापली जातात.