मेळघाटात कोरकू भाषेत गावाचा रेडिओ सुरू करायचा आहे. ट्रान्समीटर कोणता घ्यावा?

ट्रान्समीटर सध्या घेऊच नका. परवान्याशिवाय लावला तर गुन्हा, आणि सामुदायिक रेडिओचा परवाना एकट्या माणसाला मिळत नाही. नोंदणीकृत संस्था, शिक्षणसंस्था किंवा कृषी विज्ञान केंद्र लागतं. शिवाय शक्ती साधारण 100 वॅटपर्यंतच, आणि एफएमला मध्ये डोंगर आला की पलीकडच्या दरीत नुसती खरखर.

छत्तीसगडमध्ये 2010 साली सुरू झालेल्या सीजीनेट स्वरानं गोंडी बोलणाऱ्यांसाठी फोनची वाट काढली: मिस्ड कॉल द्या, उलट कॉल येतो, मग बटण दाबून बोला किंवा ऐका. त्यांचाच 'बुलटू रेडिओ' म्हणजे ब्लूटूथवरून हातोहात फिरणारा कार्यक्रम. तुम्ही इथूनच सुरुवात करा.

रेकॉर्डिंगला साधा स्मार्टफोन पुरतो. एरोप्लेन मोडवर टाका, नाहीतर मधेच कॉल येतो. फोन तोंडापासून वीतभर लांब, पण थोडा बाजूला. अगदी समोर धरला की 'प', 'फ', 'भ' फुटतात. पत्र्याच्या खोलीत आवाज घुमतो, तेव्हा बोलणाऱ्याच्या मागे-पुढे दोन गोधड्या टांगा.

फाइल मोनो (एकाच चॅनेलची), 64 केबीपीएस एमपी3 करा; 20 मिनिटांचा अंक 10 एमबीच्या आत बसतो. व्हॉट्सॲपचा व्हॉइस मेसेज तसाच पुढे पाठवू नका, बटणांच्या फोनवर तो बहुधा वाजत नाही. फाइलचं नाव इंग्रजी अक्षरांत ठेवा (स्वस्त फोनवर देवनागरीचे चौकोन होतात) आणि त्यात तारीख घाला, नाहीतर जुनाच अंक महिनाभर फिरतो. वाटपासाठी आठवडी बाजारात मेमरी कार्डात गाणी भरून देणारा दुकानदार गाठा.

निवेदन मराठीत लिहून मग कोरकूत उतरवू नका. कोरकू मुंडा भाषाकुळातली, तिची घडण मराठीपेक्षा वेगळी. उतरवलेलं निवेदन सरकारी जाहिरातीसारखं ऐकू येतं. मुद्दे कागदावर, वाक्यं तोंडी.

रोजगार हमीची मजुरी थकल्याची तक्रार असेल तर गाव, कामाचं नाव, किती आठवडे आणि संबंधित अधिकाऱ्याचा कार्यालयीन नंबर, एवढं त्यात हवंच. सीजीनेटवर असेच नंबर सांगतात, म्हणजे ऐकणारे थेट फोन लावतात. मात्र तक्रार खरी आहे का, याची आधी दुसऱ्या कुणाकडून तरी खात्री करून घ्या.

गाण्यांची घाई नको. काही गाणी ठरावीक विधीलाच म्हणायची असतात. कोणती बाहेर जाऊ द्यायची ते म्हाताऱ्या माणसांना आधी विचारा. ब्लूटूथवर गेलेली फाइल परत घेता येत नाही.