आधी दगड, मग पाणी

मागच्या अंकात रत्नागिरी जिल्ह्यातल्या तुरळच्या गरम पाण्यावर चार ओळी लिहिल्या, त्यावर बरीच पत्रं आली. तीच विचारणा पुन्हा पुन्हा होती, म्हणून त्यातली निवडक घेतली आहेत. ज्यांची राहिली त्यांनी रागावू नये. मी भूगोलाची मास्तरीण, कराडच्या शाळेतून निवृत्त झाले आणि आता हौसेने लहान गटांच्या सहली काढते. त्यामुळे उत्तरांत थोडी शाळा येणारच.

आमचा रोज सकाळी अजिंक्यताऱ्यावर फिरायला जाणाऱ्यांचा बारा जणांचा ग्रुप आहे. दोन दिवसांत कोकणातली गरम पाण्याची कुंडं आणि एखादं प्राचीन ठिकाण करायचं आहे. निम्म्यांना लेणी-देवळं हवीत, निम्म्यांना नुसतं पाण्यात बसायचं आहे. क्रम कसा ठेवावा? गाईड लागेल का?
*— एक निवृत्त बँक कर्मचारी, सातारा*

साहेब, हे भांडण प्रत्येक ग्रुपात असतं. क्रम एकच: आधी दगड, मग पाणी. कुंडातून उठलेला माणूस पुन्हा पायऱ्या चढत नाही. त्याला चहा लागतो, मग भजी लागतात, मग तो गाडीत झोपतो.

साताऱ्याहून पहाटे साडेपाचला निघा. पहिला थांबा कराडजवळ जखिणवाडीला, आगाशिवच्या डोंगरात. इथे ६४ बौद्ध लेणी आहेत, दोन हजार वर्षांच्या आसपासची. अजिंठ्यासारखी चित्रं शोधत गेलात तर हिरमुसले व्हाल. बहुतेक खोल्या लहान आणि साध्या आहेत. पण एखाद्या खोलीत शिरा आणि भिंतीलगतच्या दगडी ओट्यावर दोन मिनिटं बसा. हाच भिक्षूचा पलंग. बाहेर कृष्णा-कोयनेचं खोरं पसरलेलं दिसतं आणि ही जागा का निवडली असेल ते कोणी न सांगता कळतं. कोकणातल्या बंदरांवर उतरलेला माल घाट चढून कऱ्हाडला यायचा. गाव त्या काळी इतकं सधन होतं की मध्य प्रदेशातल्या भारहुतच्या स्तूपाला दान देणाऱ्यांत कऱ्हाडकरांचा उल्लेख कोरलेला आहे. कराडकरांना हे सांगितलं की ते एकदम ताठ बसतात.

तिथून पाटण, हेळवाक, कुंभार्ली घाट, पोफळी, चिपळूण. जेवण चिपळूणला. पुढे महामार्गाने अरवली, तुरळ आणि आत राजवाडी. तिन्हीकडे गरम पाणी आहे, पण तिन्हींची तऱ्हा वेगळी. अरवलीचं सौम्य, ४० अंशांच्या आसपास. तुरळचं ६० च्या घरात, म्हणजे थेट अंगावर घ्यायचं नाही. राजवाडीचं या दोहोंच्या मधलं. दुपारचं ऊन कलल्यावर पाण्याकडे जा. तोवर राजवाडीचं सोमेश्वराचं देऊळ पाहून घ्या.

मुक्काम देवरुख किंवा संगमेश्वरला. दुसऱ्या दिवशी सकाळी लवकर कसबा संगमेश्वर. बहुतेक गाड्या छत्रपती संभाजी महाराजांच्या स्मारकापाशी थांबतात आणि तिथूनच परत फिरतात. १६८९ साली महाराज इथेच पकडले गेले, तेव्हा डोकं टेकवल्याशिवाय पुढे जायचं नाही हे खरंच. पण मग कर्णेश्वराच्या देवळात या. चालुक्य वळणाचं, काळ्या दगडाचं काम आहे. मंडपात गेल्यावर आधी मान वर करा. आपल्याकडे लोक गाभाऱ्याकडे नाक करून सरळ चालत जातात आणि छत राहून जातं. आवारात आणि गावाच्या आसपास पडकी देवळं विखुरलेली आहेत, काहींच्या भिंतींतून झाडं वाढली आहेत. मला विचाराल तर सगळ्या सहलीत सर्वांत जास्त वेळ इथे द्यावा. किमान दोन तास.

परतीला साखरपा, आंबा घाट, मलकापूर, कोकरूड, शेडगेवाडी, उंडाळे करत कराड. अंधाराच्या आत घाट चढा.

गाईडचं म्हणाल, तर कुंडांना गाईड लागत नाही, लेण्यांना आणि कसब्याला लागतो. ठरवण्याआधी फोनवर एकच विचारा: "किती वेळ द्याल?" जो म्हणेल, "अर्ध्या तासात सगळं दाखवतो", त्याला नमस्कार करा. आणि जो प्रत्येक ओबडधोबड दगडाला पांडवांशी जोडतो, त्यालाही. पांडवांना आयुष्यात तेवढा वेळच नव्हता.

आमच्या कॉलेजच्या सहलीत गाईडने सांगितलं, की सह्याद्री ज्वालामुखीचा असल्यामुळे कोकणातलं पाणी खालच्या लाव्ह्याने तापतं. कोयनेचे भूकंपही त्यामुळेच होतात, असंही तो म्हणाला. हे बरोबर आहे का?
*— एक विद्यार्थिनी, इस्लामपूर*

बेटा, पहिलं वाक्य अर्धं खरं, म्हणजे परीक्षेत शून्य.

सह्याद्री लाव्ह्याचा आहे, पण तो लाव्हा सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा. तो केव्हाच निवला. तुरळच्या खाली कुठलाही निखारा धुमसत नाही. मग पाणी तापतं कशाने? पावसाचं पाणी भेगांतून खोल मुरतं. जमिनीत दर किलोमीटर खोलीला तापमान साधारण २५ ते ३० अंशांनी वाढतं. म्हणजे किलोमीटर-दीड किलोमीटर खाली गेलेलं पाणी काही न करता चांगलंच तापतं. तिथून ते जर संथपणे वर आलं, तर वाटेत पुन्हा गार होईल. पण एखादी मोठी भेग मिळाली तर ते झपाट्याने वर येतं आणि गरमच्या गरम बाहेर पडतं. पालघरपासून राजापूरपर्यंत गरम पाण्याच्या जागा नकाशावर ठिपक्यांनी दाखव, साधारण उत्तर-दक्षिण अशी ओळ दिसेल. कोकणपट्टीतल्या खडकांना गेलेल्या भेगांची ही ओळ आहे.

ते सडक्या अंड्यासारख्या वासाचं तर सगळेच विचारतात. तो गंधकयुक्त वायूचा, हायड्रोजन सल्फाइडचा. चांदीची अंगठी घालून पाण्यात हात घाल, थोड्या वेळात काळपट होईल. घरी येऊन खाण्याच्या सोड्याने चोळली की उजळते.

आता कोयना. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा मोठा धक्का आमच्या पिढीतला कोणी विसरलेला नाही. तिथल्या भूकंपांचा संबंध अभ्यासक धरणाच्या जलाशयाशी जोडतात. साठलेल्या पाण्याचा भार आणि भेगांत शिरणाऱ्या पाण्याचा दाब यांनी आधीच ताणलेला खडक सरकतो, लाव्ह्याने नव्हे. याच अभ्यासासाठी कराडजवळ हजारमाचीला केंद्र सरकारची प्रयोगशाळा आहे आणि कोयनेच्या भागात तीन किलोमीटर खोल बोअर घेतलं गेलं. त्यात सुमारे सव्वा किलोमीटरवर काळा बसाल्ट, म्हणजे निवलेल्या लाव्ह्याचा खडक, संपला आणि खाली ग्रॅनाइटसारखा जुना खडक लागला. म्हणजे आपण ज्याला सह्याद्रीचा कणा म्हणतो, ते तिथे सव्वा किलोमीटर जाडीचं पांघरूण निघालं.

तुमच्या गाईडला हे रागावून सांगू नकोस. त्यालाही कोणीतरी तसंच सांगितलेलं असतं.

माझ्या सासूबाई ७२ वर्षांच्या आहेत. गुडघे दुखतात, शुगर आणि बीपी आहे. शेजारच्या म्हणतात, गरम कुंडात तीनदा बुडी मारली की गुडघे मोकळे होतात. नेऊ का? आणि बायकांची तिथे सोय कशी असते?
*— एक गृहिणी, वाई*

ताई, मी डॉक्टर नाही, तेव्हा आधी तुमच्या डॉक्टरांना विचारा. ते हो म्हणाले तरच पुढचं वाचा.

ऊबेने सांध्यांना तात्पुरता आराम पडतो, हे घरच्या गरम पाण्याच्या पिशवीनेही कळतं. झिजलेला गुडघा मात्र कुठल्याही कुंडात भरून येत नाही. शुगर जुनी असेल तर पायाची संवेदना कमी झालेली असते. पाणी पोळतंय हे त्यांना कळणारच नाही आणि फोड आल्यावर समजेल. म्हणून पाण्याचा अंदाज त्यांनी घ्यायचा नाही, तुम्ही तुमच्या कोपराने घ्यायचा, बाळाच्या अंघोळीला घेतो तसा. सौम्य पाणी असेल तरच कडेला बसून पाय सोडायचे, आठ-दहा मिनिटं. बीपीची गोळी घेणाऱ्यांना गरम पाण्यातून झटक्यात उठताना घेरी येते. उठताना दोघींनी दोन बाजूंनी धरा. आधी पेलाभर पाणी प्यायला द्या. पोटुशी बाई बरोबर असेल तर तिने काठावर बसावं.

आणि बुडी नको. कोणालाच नको. साचलेल्या कोमट गोड्या पाण्यात क्वचित असा अमीबा असतो की तो नाकातून वर गेला तर थेट मेंदूला धोका. प्रकार फार दुर्मिळ, पण डोकं पाण्याबाहेर ठेवायला काही खर्च येत नाही. लहान मुलं नाकात पाणी घालून घेतात, त्यांच्याकडे विशेष लक्ष.

सोयीचं खरं सांगायचं तर ठिकाणागणिक फरक. बायकांचं आणि पुरुषांचं वेगळं असतं, पण कपडे बदलायला आडोसा धड असेलच असं नाही. मी नेहमी एक जुनी सुती साडी, चार कपड्यांचे चिमटे आणि दोरी घेऊन जाते. दोन खांबांना दोरी बांधली की खोली तयार. नायलॉनची साडी नको, ओली झाली की अंगाला चिकटून चालता येत नाही. पायात रबरी चप्पल हवी, कडेला हिरवं शेवाळ असतं आणि सासूबाई पडल्या तर गुडघ्याचं राहील बाजूला, खुब्याचं निघेल. साबण-शॅम्पू अजिबात लावू नका. मागच्या माणसाला तेच पाणी वापरायचं असतं.

मुलगी-जावयाने तुर्कस्तानची टूर ठरवली आहे. पामुक्काले नावाच्या पांढऱ्या डोंगरावर गाईडसह फक्त तीन तास आहेत. जावई म्हणतात, पाण्यात पाय बुडवायचे, फोटो काढायचे आणि निघायचं. एवढ्यासाठी इतक्या लांब? आपल्या तुरळला काय वाईट आहे?
*— एक वाचक, विश्रामबाग, सांगली*

काका, तुरळला वाईट काहीच नाही. पण तुरळचं पाणी बसाल्टातून येतं आणि पामुक्कालेचं चुनखडीतून. ते चुना विरघळवून वर आणतं. उघड्यावर आलं की त्यातला कार्बन डायऑक्साइड उडून जातो आणि चुना खाली बसतो. हजारो वर्षं हे चाललंय, म्हणून उतारावर पांढऱ्या पायऱ्या आणि उथळ कुंडं झाली आहेत. तिथे चपला काढूनच चालावं लागतं, आपल्याला त्याचं काही वाटत नाही. बरोबरचे गोरे लोक मात्र टाचा वर करून चालतात. सगळ्या कुंडांत एका वेळी पाणी नसतं, ते आळीपाळीने सोडतात. फोटोत दिसतं तसं दिसलं नाही म्हणून गाईडवर चिडू नका.

पण जावयांना सांगा, पांढऱ्या पायऱ्या ही त्या जागेची ओसरी आहे. वरच्या पठारावर हिएरापोलिस हे अख्खं शहर पडलेलं आहे. पर्गामॉन या तिकडच्याच प्राचीन राज्याच्या राजांनी इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या शेवटी इथे गरम पाण्याचं ठिकाण म्हणून वसवलं, पुढे ते रोमनांकडे गेलं. इ. स. ६० मध्ये भूकंपाने पाडलं, रोमनांनी पुन्हा उभारलं. १९८८ साली युनेस्कोने पायऱ्या आणि शहर दोन्ही मिळून एकच जागतिक वारसा ठरवला. मला तो निर्णय फार पटतो, कारण ज्या भेगेने गरम पाणी दिलं तिनेच शहर हलवलं. वर एका तलावात लोक पोहतात, त्याच्या तळाशी संगमरवरी खांब आडवे पडलेले दिसतात. भूकंपात कोसळलेले. त्याचं तिकीट वेगळं असतं, आणि माझं मत विचाराल तर पोहण्यात तासभर घालवण्यापेक्षा काठावरून खांब पाहून पुढे चला.

कुठे? आधी प्लूटोनियन. पाताळाच्या देवाची गुहा. तिच्या तोंडातून विषारी हवा यायची, आत नेलेला बैल मरून पडायचा आणि पुजारी मात्र जिवंत परत यायचे. स्ट्रॅबो नावाच्या ग्रीक भूगोलकाराने स्वतः तिथे चिमण्या सोडल्या, त्या लगेच मेल्या, असं तो लिहून गेला आहे. ती हवा म्हणजे कार्बन डायऑक्साइडच. हवेपेक्षा जड, म्हणून जमिनीलगत साचतो. बैलाचं नाक खाली, पुजाऱ्याचं वर. एवढंच त्यांचं सामर्थ्य. आमच्या विहिरीत उतरलेली माणसं गुदमरतात तेव्हाही कित्येकदा हाच वायू असतो. विहिरीत उतरणाऱ्याने आधी कंदील सोडून बघावा, हे मी वर्गात याच गोष्टीवरून शिकवायचे.

नंतर डोंगरउतारावरचं मोठं नाट्यगृह. पायऱ्या उंच आहेत, गुडघे सांभाळून अर्ध्यापर्यंत चढा. वेळ उरला तर उत्तरेच्या बाजूचं थडग्यांचं गाव. इथल्याच एका शवपेटीवर तिसऱ्या शतकात पाण्याच्या चाकाने चालणारी, दगड कापायची करवत कोरलेली आहे. ती कुठे आहे हे गाईडला आधीच विचारून ठेवा. बहुतेकांना हा प्रश्न नवा वाटतो आणि मग ते तुमच्याशी जरा जास्त बोलतात.

तीन तासांत हे बसतं. दोन तास वर, शेवटचा एक पांढऱ्या पायऱ्यांवर; टूर दुपारची असेल तर तेव्हा ऊनही उतरलेलं असेल. टूर सकाळची असेल तर उलट करू नका, क्रम हाच. काळा चष्मा न्या, पांढऱ्या चुन्यावरून परावर्तित होणारं ऊन डोळ्यांना झोंबतं.

पावसाळ्यात गेलं तर चालेल का? आमची सुट्टी जुलैतच आहे.
*— एक शिक्षक, विटा*

नको. अरवलीचे झरे नदीकाठी आहेत, पुरात तिकडे फिरकायचं नाही. घाटात दरडी येतात आणि आगाशिवच्या पायऱ्या निसरड्या होतात. डिसेंबर ते फेब्रुवारी बघा. जुलैची सुट्टी हातातली असेल तर तेवढ्यात आगाशिवच्या पायथ्यापर्यंत या, कराडला चहा माझ्याकडे. वर चढायचं मात्र डिसेंबरात ठरवू.