चकाकणारा कातळ आणि संध्याकाळी फुगणारा ओढा

प्रश्न: जुलैत आम्ही चौघं कॅलिफोर्नियातल्या सिएरा नेवाडात जॉन म्यूर ट्रेलचा योसेमिटीकडचा टप्पा करतोय, पाठीवर सॅक घेऊन. फोटोत तिथला कातळ कुठे पॉलिश मारल्यासारखा चकाकतो तर कुठे कांद्यासारखे पापुद्रे सुटलेत. दगड वेगवेगळे आहेत का? चालताना काही फरक पडतो का?

उत्तर: दगड एकाच जातीचा हो, ग्रॅनाइट. (अभ्यासक त्यातल्या बऱ्याचशा दगडाला ग्रॅनोडायोराइट म्हणतात, म्हणू देत.) योसेमिटीतल्या टुऑलमी मेडोज या कुरणाजवळचा कातळ साधारण 9 कोटी वर्षांपूर्वी जमिनीखाली काही किलोमीटरवर शिलारस हळूहळू थिजून झालाय, त्यामुळे त्यात फेल्डस्पार या खनिजाचे काडेपेटीएवढे स्फटिक आहेत, आजूबाजूचा दगड झिजला तरी हे पुढे आलेले असतात आणि बुटाला मस्त पकड देतात. चकाकी मात्र हिमनदीची करामत. साधारण 20 हजार वर्षांपूर्वी इथे बर्फ दाटलेला होता, त्याच्या तळाशी अडकलेली वाळू-माती पॉलिश पेपरसारखी कातळावरून घासत गेली. उन्हाच्या तिरप्या उजेडात वाकून बघा, बारीक समांतर ओरखडे दिसतील, बर्फ त्याच रेषेत सरकला. हे पॉलिश ओलं असेल तर नवा बूटसुद्धा सटकतो, तिथे हिरोगिरी नको.

पापुद्र्यांची गोष्ट वेगळी. वरचा किलोमीटर-किलोमीटरचा थर झिजून गेला, डोक्यावरचं वजन उतरलं तसा आतला ग्रॅनाइट सैल होऊन पृष्ठभागाला समांतर चिरत गेला. दिसायला छान, पण हे थर कधीतरी निखळतात. 10 जुलै 1996 ला तुमचा ट्रेल जिथून सुरू होतो त्या हॅपी आइल्सला वरच्या कड्यावरून अशीच भली मोठी शिळा सुटली, शेकडो झाडं तर नुसत्या हवेच्या झोताने आडवी झाली आणि एक माणूस गेला. म्हणून कड्याखाली टेंट लावायचा मोह झाला तर आधी तिथले दगड नीट बघा. दगडफूल नसलेले, पांढरेफेक, धारदार कडांचे तुकडे पडलेले दिसले तर ते अलीकडेच आलेत, मुक्काम दुसरीकडे.

प्रश्न: एक मैत्रीण म्हणाली सकाळी घोट्याएवढा असलेला ओढा संध्याकाळी मांडीपर्यंत आला, पाऊस नसताना. खरं असेल का?

उत्तर: अगदी खरं. दुपारच्या उन्हात वरचा बर्फ वितळतो आणि उघडा कातळ पाणी जिरवत नाही, सगळं खाली धावतं. बर्फ जवळ असेल तर दुपारी उशिरा-संध्याकाळी ओढा फुगतो आणि लांब असेल तर पाणी पोचायला रात्रही होते. अवघड ओढा सकाळी लवकर ओलांडा, दिवसभर चालून आल्यावर समोर फेसाळता ओढा दिसला तर अलीकडेच मुक्काम करा, थोडं चालणं वाया गेलं तरी चालेल. पाण्यात उतरताना सॅकचा कमरेचा पट्टा सोडून ठेवा, पाय घसरला तर सॅक टाकता आली पाहिजे, आणि अनवाणी अजिबात नको, पाणी इतकं गार असतं की पाय कशावर पडतोय तेच कळत नाही.

प्रश्न: अस्वलाचा डबा, म्हणजे अस्वलाला उघडता येत नाही असा खाणं ठेवायचा डबा, खरंच लागतो का? जड आहे.

उत्तर: लागतो, योसेमिटीच्या रानात मुक्कामाला सक्तीचाच आहे. टूथपेस्टही त्यातच ठेवायची.