शिरोरेषा शेवटी धर

तू दगडावर कोरलेल्या अक्षरांचा पाठवलेला फोटो पाहिला. अक्षर वाईट नाही, पण शिरोरेषा आधी सलग खोदलीस ना? म्हणून 'र'च्या डोक्याचा टवका उडाला. आपला काळा दगड कडक खरा, पण कोपऱ्यावर दगा देतो. आधी रेघेच्या मधोमध उथळ चर पाड, मग दोन्ही अंगांनी तिरपं उतरत कडेला ये. दंड शिरोरेषेला मिळतो तिथं घाव हलका. टाकी बोथट वाटली की धार लाव, जोर वाढवू नकोस.

सुट्टीत साताऱ्याजवळच्या लिंब गावी बारा मोटेच्या विहिरीवर जा. तिथल्या शिलालेखात विहीर बांधणाऱ्या वीरूबाई भोसल्यांचं नाव आणि शके १६४१ ते १६४६ हा बांधकामाचा काळ आहे. सकाळीच जा, तिरप्या उन्हात अक्षर वाचता येतं.

मजकुरावर गिऱ्हाइकाची सही घेतल्याशिवाय छिन्नी उचलू नकोस. मी एकदा 'स्मृतिदिन'ची वेलांटी दीर्घ खोदली. दगडाला खोडरबर कुठला! अख्खा थर घासून काढला, चार दिवसांची मजुरी अंगावर.

आणि ग्रॅनाइट कापताना तोंडाला रुमाल बांधून भागत नाही. चांगला मास्क लाव, पाणी सोडत काप. ती धूळ फुप्फुसात कायमची बसते.