एडिटिंग करता करता लेखक-दिग्दर्शक होता येतं का, की एडिटरचा शिक्काच बसतो?

तुम्ही नाशकात लग्नाचे व्हिडिओ एडिट करता, लिहायचं आणि दिग्दर्शनही करायचंय, आणि भीती अशी की लोक कायम एडिटर म्हणूनच ओळखतील. मीही नाशिकचाच. घर एडिटिंगवर चालतं, अधूनमधून स्वतः लिहिलेले लघुपट करतो. शिक्का बसतो, हे खरं. पण पुसता येतो.

हृषीकेश मुखर्जी बिमल रॉय यांचे संकलक. 'दो बिघा जमीन' (१९५३) त्यांनी संकलित केला, १९५७ मध्ये 'मुसाफिर'पासून दिग्दर्शक झाले, तरी 'आनंद'चं संकलन स्वतःच केलं. नागपूरचे राजकुमार हिरानी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये एडिटिंग शिकले, 'मिशन कश्मीर' (२०००) एडिट केला आणि २००३ मध्ये 'मुन्नाभाई' घेऊन आले. आपल्या त्र्यंबकच्या फाळक्यांच्या काळात तर ही खाती वेगळी झालीच नव्हती.

एडिटरला लिहिताना मोठा फायदा असतो. कागदावर दोन पानं संवाद असतो, आणि फुटेज बघताना कळतं, बाईनं चहाचा कप खाली ठेवला तिथंच सगळं सांगून झालंय. उरलेलं उडवायचं. हे शंभरदा केलं की लिहितानाच हात आखडतो.

गडबड सेटवर होते. एडिटर दिग्दर्शनाला उभा राहिला की कट डोक्यात आधीच ठरलेला असतो, म्हणून हवा तेवढाच तुकडा शूट करतो आणि नटाला मध्येच तोडतो. खरी गंमत पुष्कळदा 'कट' म्हणायच्या जागेच्या चार सेकंद पुढे असते. (दुसऱ्याचं फुटेज लावताना याच घाईवरून आपण दिग्दर्शकाला शिव्या घालतो!) नटांशी बोलणं टाइमलाइनवर शिकता येत नाही. राज्य नाट्य स्पर्धेच्या दिवसांत गावात कुठे ना कुठे तालमी चालू असतात, तिथं जाऊन बसा. प्रॉम्प्टिंग करा, खुर्च्या लावा, काहीही करा.

स्वतःच्या फिल्मचा पहिला कट मात्र दुसऱ्याला करू द्या, असं माझं मत. हिरानी आपल्या फिल्म स्वतः एडिट करतात, पण ते हिरानी. आपल्याला तीन तास उन्हात उभं राहून मिळवलेला शॉट उडवायला जीव होत नाही.

आणि श्रेयाचं आधी बोलून घ्या. एडिटवर तुम्ही अख्खी गोष्ट उलटीपालटी करून वाचवलीत तरी पाटीवर 'संकलन' एवढंच येतं. लेखनात वाटा असेल तर काम सुरू होण्यापूर्वी तसं लेखी घ्या.

लग्नाचं काम सोडू नका. आषाढी एकादशीपासून तुळशीच्या लग्नापर्यंत तसंही काम मंदावतं. त्या चार महिन्यांत दहा पानांची एक पटकथा लिहा: दोन माणसं, एक खोली, स्वतःच्या खर्चात होईल अशी.